दस्त लिहिणाऱ्याचे नाव दस्तावर हवे

मंडणगड तालुक्यातील आंबडवे हे बाबासाहेबांचे मूळ गाव. त्या मंडणगडला १२ ऑक्टोबर २०२५ रोजी तत्कालीन सरन्यायाधीश भूषण गवई यांच्या हस्ते न्यायालयाच्या नव्या इमारतीचे उद्घाटन झाले. त्याच्या दोन महिने आधी, १८ ऑगस्टपासून, मुंबई उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच कोल्हापुरात सुरू झाले आणि रत्नागिरी जिल्हा त्याच्या कक्षेत आला. अपिलासाठी मुंबईच्या खेपा घालणाऱ्या कोकणी माणसाला न्याय थोडा जवळ आला, याचा आनंद आहेच. पण गरीब माणूस कोर्टाची पायरी चढतो तेव्हा बरेचसे होऊन गेलेले असते. त्याचे नशीब त्याच्या कितीतरी आधी, तहसील कचेरीच्या आवारात, झाडाखाली किंवा पत्र्याच्या शेडमध्ये मांडलेल्या एका टेबलावर ठरते. त्या टेबलामागे बसतो तो दस्तलेखक. कोणी त्याला बाँड रायटर म्हणतात, कोणी अर्जनवीस म्हणतात. पूर्वी त्याच्यापुढे टंकलेखन यंत्र होते, आता संगणक आणि प्रिंटर आहे. माणूस तोच, आणि त्याच्यासमोर उभा असलेला अंगठेबहाद्दरही तोच.

या टेबलावरून अधूनमधून वाद उठतो. दस्तलेखक म्हणतात, आम्हाला परवाना द्या, आमच्या धंद्याला मान्यता द्या. वकील म्हणतात, कायदेशीर दस्त तयार करणे हे आमचे काम आहे. सनद नसलेल्याने ते करू नये. दोघांचीही निवेदने निघतात, दोघांच्याही संघटना आहेत. या भांडणात ज्याची जमीन जाते, ज्याचे नाव सातबाऱ्यावरून उडते, त्या पक्षकाराची मात्र कोठलीच संघटना नाही. म्हणून चळवळीने या प्रश्नाकडे त्याच्या बाजूने पाहिले पाहिजे.

वकिलांचे म्हणणे आधी पाहू. १९६१ च्या अधिवक्ता कायद्याचे कलम २९ सांगते की, वकिली करण्याचा हक्क फक्त अधिवक्त्यांना आहे. कलम ३० ने देशभरातील न्यायालयांत आणि प्राधिकरणांपुढे काम करण्याचा हक्क दिला. हे कलम अंमलात यायला मात्र १५ जून २०११ उजाडावे लागले, म्हणजे कायदा झाल्यावर पन्नास वर्षे. वकिली म्हणजे केवळ कोर्टात उभे राहणे नव्हे, सल्ला देणे आणि मसुदा करणे हेही वकिलीच आहे, असे मुंबई उच्च न्यायालयाने १६ डिसेंबर २००९ रोजी परदेशी वकिली कंपन्यांच्या प्रकरणात सांगितले. १३ मार्च २०१८ रोजी ए. के. बालाजी प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानेही तेच मान्य केले. लंडन-न्यूयॉर्कच्या बड्या कंपन्यांना रोखण्यासाठी झालेला हा कायद्याचा अर्थ आता लांजा-राजापूरच्या बाँड रायटरवरही लागू करावा, असा वकिलांचा युक्तिवाद आहे.

तो पोकळ नाही. वकील चुकला, फसवणूक केली, तर पक्षकार कलम ३५ खाली बार कौन्सिलकडे तक्रार करू शकतो. सनद निलंबित होऊ शकते, काढून घेतली जाऊ शकते. टेबलावरच्या दस्तलेखकाने चुकीचा गट क्रमांक टाकला, चतु:सीमा उलट्या लिहिल्या, 'भाडेपट्टा' म्हणून सांगून 'खरेदीखत' लिहिले, तर पक्षकाराने कोणाकडे जायचे? पुष्कळ दस्तांवर लिहिणाऱ्याचे नाव नसते, सही नसते. पैसे दिल्याची पावती नसते. उद्या तो म्हणेल, मी हा कागद लिहिलाच नाही. आणि ते खोटे ठरवायला पक्षकाराकडे काही नसते.

पण दस्तलेखकांचे म्हणणेही ऐकले पाहिजे. तालुक्याच्या गावात सकाळी नऊपासून उपलब्ध असणारा, शंभर-दोनशे रुपयांत वारस नोंदीचा अर्ज लिहून देणारा, 'उद्या या' न म्हणणारा माणूस कोण, तर तोच. बौद्धवाडीतली म्हातारी वकिलाच्या ऑफिसची पायरी चढायला बिचकते. टेबलावरच्या माणसाला ती 'भाऊ' म्हणते. या धंद्यात निवृत्त तलाठी आहेत, कचेरीतले जुने कारकून आहेत, शिकून नोकरी न लागलेली आपली मुलेही आहेत. त्यांना एका हुकमाने उठवले तर त्यांची चूल विझेल, आणि म्हातारीचे कामही अडेल. १९०८ चा नोंदणी कायदाही दस्त वकिलानेच लिहिलेला असावा असे म्हणत नाही. माणूस स्वत:चा दस्त स्वत: लिहू शकतो. तो हक्क कोणत्याही परवान्याने किंवा सनदेने हिरावला जाता कामा नये.

मग परवाना दिला की प्रश्न सुटेल काय? केरळात १९६० पासून आणि तामिळनाडूत १९८२ पासून दस्तलेखकांच्या परवान्याचे स्वतंत्र नियम आहेत. आपल्या तहसीलच्या आवारातील टेबलावर मात्र बसलेल्याकडे कधी मुद्रांक विक्रीचा परवाना असतो, कधी अर्ज लिहिण्याचा, कधी कुठलाच नसतो; आणि पक्षकार सगळ्यांनाच 'सरकारी माणूस' समजतो. मुद्रांक विकण्याचा परवाना म्हणजे दस्त लिहिण्याची पात्रता नव्हे, हे त्याला कोणी सांगत नाही. शिवाय परवाना म्हणजे प्रामाणिकपणाचा दाखला नव्हे, हे महाराष्ट्राने सर्वांत महाग किंमत मोजून शिकले आहे. अब्दुल करीम तेलगी हा परवानाधारक मुद्रांक विक्रेताच होता. १९९४ मध्ये त्याने परवाना मिळवला आणि बनावट मुद्रांकांचा कारखाना उभा केला. २००१ मध्ये तो पकडला गेला, पुढे त्याला तीस वर्षांची सक्तमजुरी झाली. परवाना भिंतीवर टांगलेला होता. पण तो देणारे खाते पुढे काय चालले आहे ते पाहत नव्हते.

लेखणीचा हा प्रश्न आपल्यासाठी आजचा नाही. रत्नागिरी आणि कुलाबा म्हणजे खोतीचा मुलूख. १८८० च्या खोती कायद्याच्या राज्यात कुळाने कबुलायत लिहून द्यायची. पण ती लिहिणारा हात कुळाचा नव्हता. काय लिहिले ते कुळाला वाचता येत नव्हते. अंगठा तेवढा त्याचा. लेखणी एकाच्या हाती आणि नांगर दुसऱ्याच्या हाती, अशी ती व्यवस्था होती. आणि जमीन नेहमी लेखणीकडे सरकत गेली. म्हणूनच १७ सप्टेंबर १९३७ रोजी बाबासाहेबांनी मुंबई विधिमंडळात खोती नष्ट करण्याचे विधेयक मांडले आणि १० जानेवारी १९३८ रोजी हजारो शेतकऱ्यांचा मोर्चा कौन्सिल हॉलवर नेला. खोती कायद्याने गेली ती मात्र १९४९ च्या कायद्याने.

याच कोकणात आपल्या माणसांनी लेखणी स्वत:च्या हातात घेतल्याचाही इतिहास आहे. लष्करातून निवृत्त होऊन दापोलीत राहिलेल्या गोपाळबाबा वलंगकरांनी १८९० च्या दशकात, महारांची लष्करभरती पुन्हा सुरू व्हावी म्हणून विनंतीपत्र तयार केले. अस्पृश्यांच्या हक्काचा अर्ज अस्पृश्याने लिहिला, ही त्या काळी साधी गोष्ट नव्हती. पुढे बाबासाहेब १९२२ मध्ये ग्रेज इनमधून बॅरिस्टर झाले, १९२३ पासून मुंबईत वकिली करू लागले. परळच्या कार्यालयात गिरणी कामगारापासून गावच्या महारापर्यंत सगळे आपापले कागद घेऊन त्यांच्याकडे येत. महाडच्या चवदार तळ्याचा लढा पाण्याच्या ओंजळीने सुरू झाला. पण डिसेंबर १९२७ मध्ये दाखल झालेला दावा १७ मार्च १९३७ रोजी उच्च न्यायालयात संपेपर्यंत तो लढला गेला कागदांवर. तळे खाजगी की नगरपालिकेचे, रूढी किती जुनी, याचा पुरावा मागितला गेला. समोरच्यांना तो देता आला नाही, म्हणून आपण जिंकलो. सत्याग्रहाइतकाच तो कागदाचाही विजय होता, हे आपल्या सभांतून फारसे सांगितले जात नाही.

आज या कागदांची किंमत काय आहे, ते मुंढव्याने दाखवून दिले. पुण्याच्या मुंढव्यातील महार वतनाच्या सुमारे ४० एकर जमिनीचा व्यवहार नोव्हेंबर २०२५ मध्ये चव्हाट्यावर आला. सरकारच्या नावे असलेली, वनस्पती सर्वेक्षण खात्याला भाड्याने दिलेली ही जमीन मे २०२५ मध्ये ३०० कोटी रुपयांच्या खरेदीखताने एका कंपनीच्या नावे नोंदली गेली. मुद्रांक शुल्क भरले गेले अवघे ५०० रुपये. हा व्यवहार उभा राहिला तो अडीचशेहून अधिक वतनदार वारसांच्या कुलमुखत्यारपत्रांवर. सह दुय्यम निबंधक निलंबित झाले, गुन्हे दाखल झाले, चौकशी समिती नेमली गेली. दोष कोणाचा ते तपासात आणि न्यायालयात ठरेल. पण चळवळीने विचारायचा प्रश्न वेगळा आहे. त्या शेकडो वारसांनी ज्या कुलमुखत्यारपत्रांवर सह्या-अंगठे दिले, ती कोणी लिहिली? त्यांना वाचून कोणी दाखवली? आपण कोणता अधिकार देऊन टाकतो आहोत, हे त्यांना त्यांच्या भाषेत कोणी समजावले? खरेदी करणाऱ्याकडे कायद्याची माणसे असतात. वारसांकडे कोण होते?

आणि नोंदणी कार्यालय हे सर्व पाहील, या भ्रमातही राहू नये. ७ एप्रिल २०२५ रोजी के. गोपी प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले की, दस्त करून देणाऱ्याला जमिनीची मालकी आहे की नाही, हे ठरवणे नोंदणी अधिकाऱ्याचे काम नाही. तामिळनाडूचा तसा नियमच न्यायालयाने रद्द केला. म्हणजे दुय्यम निबंधकाचा शिक्का दस्त नोंदला गेल्याचे सांगतो, तो खरा आहे असे सांगत नाही. मग दस्त खरा आणि समजून केलेला असण्याची जबाबदारी उरते ती लिहिणाऱ्यावर. आणि नेमके त्याचेच नाव कागदावर नाही.

कोकणात तर जमिनीचे कागद अधिकच गुंतागुंतीचे. एकेका सातबाऱ्यावर पन्नास-पन्नास नावे, अर्धी माणसे मुंबईत, काही मयत, वारस नोंद झालेली नाही. चाकरमानी मे महिन्यात आठ दिवसांच्या रजेवर गावी येतो आणि त्या आठ दिवसांत वाटणीपत्र, हक्कसोडपत्र, कुलमुखत्यारपत्र सगळे उरकून जायचे असते. घाईच्या या कागदांत बहिणीचा हिस्सा जातो. २००५ च्या दुरुस्तीने मुलीला वडिलोपार्जित मिळकतीत मुलाइतका हक्क दिला. आणि तो हक्क सोडल्याचा कागद तिच्याकडून कधी चहाच्या कपाबरोबर, कधी ओवाळणीच्या साडीबरोबर लिहून घेतला जातो. लिहिणारा तिला विचारत नाही, "बाई, तुम्हाला हे कळले का?" हे आपल्याही घरांत घडते, हे मान्य केले पाहिजे. वतनाची, नव्या शर्तीची, कूळकायद्याच्या कलम ४३ खालची, कातकऱ्याच्या नावची जमीन असेल तर परवानगीविना, अटी न पाळता केलेला दस्त पुढे पिढ्यान्‌पिढ्या कोर्टात अडकतो. हे टेबलावर कोणी सांगत नाही, कारण सांगितले तर काम जाते.

जातीच्या दाखल्याची गोष्ट घ्या. जात, उत्पन्न, रहिवासाचे दाखले मिळवण्यासाठी द्यायच्या प्रतिज्ञापत्रावरील मुद्रांक शुल्क राज्य सरकारने १ जुलै २००४ च्या अधिसूचनेने माफ केले आहे. साध्या कागदावर प्रतिज्ञापत्र चालते. तरीही वर्षानुवर्षे आपल्या विद्यार्थ्यांच्या आयांनी शंभराचा मुद्रांक विकत घेतला. ऑक्टोबर २०२४ मध्ये शंभराच्या मुद्रांकाची जागा पाचशेने घेतली, तेव्हा त्याच आया पाचशे मोजू लागल्या आणि सरकारला जुनी माफी पुन्हा समजावून सांगावी लागली. ज्याच्या टेबलावर मुद्रांक विकला जातो त्यानेच 'मुद्रांक लागतो' असे सांगायचे, ही विक्रेता आणि सल्लागार एकच असण्याची दुखणी आहे. त्यातही 'बौद्ध' की 'महार', शाळेच्या दाखल्यावर काय, १० ऑगस्ट १९५० पूर्वीचा पुरावा कोणता, हे न समजणाऱ्याने प्रतिज्ञापत्रात एक शब्द चुकीचा लिहिला की जात पडताळणी लटकते आणि मुलाचा प्रवेश जातो. बौद्धांना अनुसूचित जातींच्या केंद्रीय सवलती १९९० मध्ये मिळाल्या, त्यासाठी दिलेला लढा एका चुकलेल्या ओळीत वाया जातो.

म्हणून आमचे म्हणणे असे की, दस्तलेखकाला परवाना द्यावा. पण तो धंद्याच्या संरक्षणाचा परवाना नसावा, जबाबदारीचा असावा. प्रत्येक दस्ताच्या शेवटी लिहिणाऱ्याचे नाव, परवाना क्रमांक आणि सही असावी. जुन्या मराठी कागदांत साक्षीदारांबरोबर लिहिणाराचेही नाव असे. संगणकाच्या काळात ते गाळले जावे, याला काय म्हणावे? दराचा फलक टेबलावर असावा, पैशाची पावती मिळावी, लिहिलेल्या प्रत्येक दस्ताची नोंदवही असावी. निरक्षराला दस्त वाचून दाखवल्याचा दाखला लिहिणाऱ्याने स्वत:च्या सहीने द्यावा. परवान्यापूर्वी परीक्षा असावी. आज या धंद्यात असलेल्यांना तयारीला वेळ आणि प्रशिक्षण द्यावे. तक्रार ऐकणारा अधिकारी कोण, हे फलकावर लिहिलेले असावे. आणि परवाने वाटताना जुन्या लेखणीवाल्या घरांतच ते फिरत राहू नयेत, म्हणून अनुसूचित जाती-जमाती, भटके-विमुक्त आणि महिलांचा वाटा ठरलेला असावा.

काही कागद मात्र असे आहेत की जिथे लेखन संपते आणि कायद्याचा सल्ला सुरू होतो. कुलमुखत्यारपत्र, हक्कसोडपत्र, निरक्षराचे मृत्युपत्र, वतनाच्या किंवा नव्या शर्तीच्या जमिनीचा कोणताही व्यवहार. इथे वकिलाचा सल्ला घेतल्याशिवाय दस्तलेखकाने हात लावू नये. वकिलांचा व्यावसायिक हक्क खरा आहे तो इथे. सनद असलेल्याला दस्त लिहायला वेगळा परवाना मागणे चूक ठरेल.

पण हक्क सांगणाऱ्याने कर्तव्यही सांगावे. 'मी ओळखतो' म्हणून न पाहिलेल्या माणसाच्या ओळखीची सही करणारे, दस्तलेखकाने लिहिलेल्या कागदावर पाहिल्याविना शिक्का मारून देणारे वकील कमी नाहीत. १४ मे २०२४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने वकिलांच्या सेवेला ग्राहक कायद्यातून बाहेर ठेवले. तेव्हा कलम ३५ ची चौकशी तरी वेळेत आणि पक्षकाराला जमेल अशी व्हायला हवी. वकिलानेही मसुद्याखाली नाव आणि सनद क्रमांक लिहावा. दस्तलेखकाला लावलेला नियम स्वत:ला लावायला वकिलांनी का कचरावे?

आणि वकिली म्हणजे कोणाची मिरासदारी, हाही प्रश्न आहे. कालपर्यंत सनद घ्यायलाच हजारो रुपये लागत होते. ३० जुलै २०२४ रोजी गौरव कुमार प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने राज्य बार कौन्सिलांना बजावले की कायद्यात ठरले आहे तेवढीच नोंदणी फी घ्या. सर्वसाधारण उमेदवाराला ७५०, अनुसूचित जाती-जमातीच्या उमेदवाराला १२५ रुपये. दार उघडले. पण आत आलेला आपला तरुण वकील तालुका कोर्टात वर्षानुवर्षे पक्षकाराची वाट पाहत बसतो. दस्त आणि अर्ज यांचे काम त्याच्याकडे वळवायचे असेल, तर त्याला त्याची फी कोणीतरी द्यायला हवी आणि ती गरिबाच्या खिशातून जाता कामा नये.

ती वाट कायद्यात आहे. १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याच्या कलम १२ प्रमाणे अनुसूचित जाती-जमातीची व्यक्ती आणि कोणतीही स्त्री मोफत विधी सेवेला पात्र आहे. त्यासाठी उत्पन्नाची अट नाही. आणि विधी सेवा म्हणजे फक्त खटला लढणे नव्हे, कायदेशीर सल्ला देणे हेही त्या व्याख्येत आहे. मग जिल्ह्याच्या नऊही तालुक्यांत, दुय्यम निबंधक कार्यालयाच्या दाराशी, ठरावीक दिवशी तालुका विधी सेवा समितीचा वकील का बसू नये? कुलमुखत्यारपत्र आणि हक्कसोडपत्र नोंदण्यापूर्वी त्याने ते वाचून दाखवावे, समजावावे, आणि समजले नाही तर 'सही करू नका' असे सांगण्याचे धाडस करावे. ही मागणी करायला कोणत्याही नव्या कायद्याची गरज नाही. जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे लेखी अर्ज पुरेसा आहे.

तो अर्ज आपल्या गाव शाखांनी आणि मुंबईतल्या मंडळांनी करावा. मे महिन्यात गावी येणाऱ्या प्रत्येक चाकरमान्याला मंडळाने सांगावे: कोऱ्या मुद्रांकावर सही करू नका, ज्यावर लिहिणाऱ्याचे नाव नाही तो कागद घेऊ नका, दस्ताची प्रत आणि पावती घेतल्याशिवाय टेबल सोडू नका, बहिणीची सही घेण्यापूर्वी तिला मसुदा घरी नेऊ द्या. जयंतीच्या वर्गणीतला थोडा भाग आपल्याच समाजातल्या वकिलाच्या एका दिवसाच्या मानधनाला द्यावा आणि वाडीतले सगळे सातबारे, फेरफार, जुने दस्त एकदा त्याच्यापुढे ठेवावेत. वतनाची जमीन कोणाच्या नावावर आहे, हे वाडीला खरेदीदाराच्या आधी कळले पाहिजे.

खोताच्या कबुलायतीवर आपल्या आजोबांनी अंगठा दिला तेव्हा त्यांना वाचता येत नव्हते. आज आपल्या घरात पदवीधर आहेत, वकील आहेत. तरीही न वाचता सही होत असेल, तर खोत कायद्याने गेला असला तरी त्याची लेखणी अजून चालते आहे, असेच म्हणावे लागेल. तिच्या खाली लिहिणाऱ्याचे नाव घातले की ती जपून चालेल. परवाना दस्तलेखकाला मिळो, हक्क वकिलाला मिळो. पण दोघांच्याही सहीखाली उत्तर देण्याची जबाबदारी असल्याशिवाय आपल्या माणसाने आपला अंगठा उचलू नये.